झाडांच्या खात्यातला जावई

माझं लग्न ठरलं ते एका अर्धवट वाक्यावर. स्थळ घेऊन आलेली मावशी आईला म्हणाली, "पोरगा सरकारी हाय. झाडांच्या खात्यात."

आई तेव्हा अंगणात बोंबील निवडत होती. तिनं मान वर न करता विचारलं, "म्हंजे माळी?"

"माळ्याच्या वरचा," मावशी म्हणाली.

एवढं आईला पुरलं. तिच्या डोळ्यांसमोर एक सरकारी बाग आली असणार, कुंपण घातलेली, गुलाबांची. झाडांचं खातं म्हणजे जंगलखातं, आणि जावई मासवणच्या आतल्या बाजूला राखीव जंगलात फॉरेस्ट गार्ड आहे, हे तिला कोणी सांगितलं नाही. मला मात्र कळलं होतं. माणूस सरळ, त्यानं स्वतःच निरोप धाडला होता की जागा रानात आहे, आजूबाजूला जनावरं आहेत, मुलीला चालत असेल तरच पुढं जाऊ. तो निरोप मी ऐकला आणि गिळला. आईला सांगितलं असतं तर लग्न मोडलं असतं, आणि मला त्याचा चेहरा आवडला होता.

आमचं घर तारापूरच्या किनाऱ्यावर. वडील आणि भाऊ होडीवर, आई मासळी विकायला. त्या सुमाराला तारापूरला मोठं सरकारी बांधकाम निघालं होतं आणि बोईसर स्टेशनापासून पुढं परमुलखातले कामगार उतरले होते. आई त्यांना सुकी मासळी विकता विकता हिंदी शिकली. शिकली म्हणजे काय, आवाज चढवला की मराठीचं हिंदी होतं अशी तिची पक्की समजूत होती, आणि गिऱ्हाइकांचीही ती झाली होती. दर्याला ती कधी भ्याली नाही. पण रानाचं नाव काढलं की तिचा चेहरा बदलायचा. म्हणायची, "दर्या समोरनं येतो. रान मागनं येतं."

लग्नानंतर पहिल्यांदा माहेरी गेले तेव्हा तिनं मला समोर बसवून विचारलं, "तिकडं जनावरं-बिनावरं नाय ना गो?"

"कसली जनावरं? झाडं आहेत," मी म्हटलं.

"एक जरी जनावर दिसलं ना, तर पोरीला परत आणीन. मग जावय येऊ दे, नाय येऊ दे."

आता खरी परिस्थिती सांगते. बस सोडल्यावर कच्च्या रस्त्यानं बरंच चालून गेलं की आमचं क्वार्टर. दोन खोल्या, वर कौलं, पुढं ओटा. खाली उतारावर विहीर. विहिरीपलीकडं वारल्यांचा पाडा. बाकी सगळीकडं साग, ऐन, करवंदीच्या जाळ्या. रस्त्याच्या वळणावर खात्याची पाटी होती. शिकारीला सक्त मनाई असं लिहिलेलं आणि खाली वाघाचं चित्र. रंगवणाऱ्यानं वाघ कधी पाहिला नसावा, कारण त्या वाघाला माणसासारख्या मिशा होत्या आणि तो नुकताच जेवून उठल्यासारखा दिसायचा.

खरा वाघ नव्हता आमच्याकडं, बिबट्या होता. पाड्यावर त्याला ना वाघ म्हणत ना बिबट्या. नुसतं 'तो' म्हणत. माझी शेजारीण नवऱ्यालाही 'तो'च म्हणायची. ती सकाळी विहिरीवर सांगायची, "काल तो ओढ्यावर जाऊन आला न् दुपारभर आंब्याखाली लोळला," आणि मला विचारावं लागायचं, "कोण? घरचा की बाहेरचा?" मग ती इतकी हसायची की भरलेला हंडा खाली ठेवायची.

सुरुवातीला अंधार पडला की मी ओट्यावरही पाऊल टाकत नसे, खोटं कशाला बोलू. पण तिथल्या लोकांचं त्याच्याशी एक ठरलेलं होतं. दिवस कलला की शेळ्या आत, कुत्रा आत, पोरं आत. वळणावर मोठ्यानं बोलत जायचं, म्हणजे त्याला बाजूला व्हायला वेळ मिळतो. वाघबारशीला दगडाच्या वाघदेवापुढं नारळ. एवढं करूनही कधीमधी शेळी जायची, मग पाड्यावरच्या बाया डोंगराकडं तोंड करून त्याला शिव्या घालायच्या, एखाद्या उनाड दिराला घालाव्यात तशा. रानडुकरांचं दुखणं मोठं होतं. पावसावर पिकणारी नागलीची, म्हणजे नाचणीची, इवलीशी शेतं, ती डुकरं एका फेरीत लोळवून टाकायची, आणि त्यांना हात लावायची तर बंदी. मग शेतकरी आमच्या ओट्यावर येऊन बसायचे आणि ह्यांना म्हणायचे, "साहेब, तुमच्या डुकरांना जरा समजवा." हे त्यांच्याबरोबर राखणीला जायचे, पत्र्याचे डबे बडवायचे. दुसरं काय करणार?

असं दीड-दोन वर्षं चाललं. मग थंडीच्या दिवसांत बसच्या कंडक्टरकडून निरोप आला, की आई येतेय. राहायला. लेकीचा संसार बघायला.

मी तशीच विहिरीवर धावले. शेजारणीला सगळं सांगितलं, मावशीच्या अर्धवट वाक्यापासून. तिनं तोंडाला पदर लावला. मला वाटलं, माझी दया आली. पदर काढला तेव्हा कळलं की हसतेय.

"म्हंजे तुज्या आयेला कायच दिसाय नको?"

"काहीच नको."

"तो पण नाय, डुकरं पण नाय, भेकर पण नाय?"

"नाही."

"न् मोर?"

मी विचार केला. "मोर चालेल."

संध्याकाळपर्यंत अख्ख्या पाड्याला बातमी. एखाद्या लग्नाची तयारी चालावी तसे सगळे कामाला लागले. वळणावरच्या पाटीवर एका म्हातारीनं आपलं धुतलेलं लुगडं वाळत घातलं आणि आई जाईपर्यंत ते तिथंच वाळत राहील असं कबूल केलं. ओट्याच्या कोपऱ्यात साळिंदराचे काटे पडलेले होते, ते मी गोळा करून मडक्यात टाकले. अडचण फक्त एकच होती, माझा नवरा. त्यांना खोटं बोलता येत नसे. बोलायला गेले की ठसका लागायचा.

"तुम्ही नुसते हसा," मी सांगितलं.

"किती दिवस?"

"आई असेपर्यंत."

आई आली ती डोक्यावर पाटी घेऊन. सुके बोंबील, करदी म्हणजे बारीक सुकी कोळंबी, खारवलेला दाढा मासा. तो वास बसमधून उतरल्यापासून रानात शिरला असणार. आम्ही वळणावर आलो. आईनं लुगड्याकडं बघितलं.

"इतक्या लांब कुणी वाळत घातलंय गो?"

"इथं ऊन चांगलं येतं," मी म्हटलं. हे हसले.

क्वार्टरशी पोचतोय तोच कौलांवर वानरांची टोळी. एक मादी पिल्लाला पोटाशी धरून बसलेली. वानरं लपवायची कशी, हे आमच्यापैकी कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. आई थांबली. वर बघितलं. मी म्हटलं, "मारुतीरायाची आहेत, आई. जनावरांत नाही धरत."

"ते बरोबर," आई म्हणाली आणि हात जोडले. वानरानं तेवढ्यात पाटीतला एक बोंबील उचलला. आईनं जोडलेले हात सोडून त्याला चप्पल दाखवली, मग पुन्हा हात जोडले.

दिवेलागणीला डोंगरावर भेकर ओरडलं. ज्यांनी ऐकलं नाही त्यांना सांगते, हरणाच्या जातीचं ते जनावर, पण कुत्र्यासारखं भुंकतं. बिबट्या जवळपास असला की जास्तच.

"कुत्रा कुणाचा?" आईनं विचारलं.

"शेजारणीचा."

"तुझ्या शेजारणीचा कुत्रा डोंगरावर राहतो काय?"

ह्यांना ठसका लागला. आईनं त्यांच्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, "जावयांना थंडी बाधलेय. आलं घालून चहा दे."

दुसऱ्या दिवशी सकाळी आई माझ्याबरोबर विहिरीवर निघाली. त्या वाटेवरच्या मऊ मातीत रोज त्याचे ठसे असत, बशीएवढे. पण आमच्या पुढं शेजारीण खराटा घेऊन वाट झाडत चाललेली! क्वार्टरपासून विहिरीपर्यंत, दोन्ही कडेनं, मन लावून. मागं धूळ उडतेय आणि आई पदर नाकाला लावून बघतेय.

"रानातली वाट झाडतात इथं?"

शेजारणीनंच कंबर सरळ केली आणि म्हणाली, "झाडांचं खातं हाय ना, आये. झाडायचंच काम."

आईनं झाडलेली वाट नजरेनं मापली. मग म्हणाली, "रोज?"

"रोज."

"मग तो कोपरा राहिला बघ."

शेजारणीनं मुकाट्यानं तो कोपरा झाडला. त्या दिवसापासून आई सकाळी लवकर उठून ओट्यावर बसायची आणि वाट नीट झाडली जातेय की नाही ते बघायची. परसात डुकरांनी रताळ्यांचा वाफा उकरला तेव्हा शेजारणीच्या नवऱ्यानं येऊन आपणच उकरला असं सांगितलं. "हातानं?" आईनं विचारलं. तो म्हणाला, "नाय, घाईत होतो." ह्याचा अर्थ त्यालाही कळला नसावा. आईनं त्याला रताळी चोरल्याबद्दल रागावून वर दोन बोंबील दिले.

पाड्यावरची माणसं खूष होती. कोण काय बोललं, म्हातारी काय म्हणाली, हे विहिरीवर रोज उगाळलं जायचं. पोरंसुद्धा आईला गाठून उगाच सांगायची, "आजी, आमच्याकडं वाघ नाय हां." मी त्यांना हाकलून द्यायचे.

मग एका दुपारी, उन्हं उतरायला लागली होती, मी आणि शेजारीण धुणं घेऊन विहिरीवर गेलो. हे फिरतीवर. आई एकटीच ओट्यावर करदी पाखडत बसली होती, शेजारणीच्या कोंबड्या दाण्यासारखी करदी टिपायला भोवती जमलेल्या. आम्ही पिळे खांद्यावर टाकून वर येत होतो आणि शेजारणीनं एकदम माझा दंड धरला.

अंगणाच्या कडेला, करवंदीच्या जाळीपुढं, तो बसला होता. उघड्यावर. शेपटीचं टोक तेवढं हलत होतं. आई आणि तो, मध्ये नुसतं सारवलेलं अंगण. कोंबड्या दिसेनाशा झालेल्या. आई ओट्यावर उभी, हातात सूप. ओरडायला तोंड उघडलं तर शेजारणीनं त्यावर हात ठेवला. "ओरडू नको. मधी नको जाऊस," ती कुजबुजली. आजवर हसत असलेल्या त्या बाईचा हात बर्फासारखा गार होता. तो माणसाला काही करत नाही असं आम्ही रोज म्हणायचो. त्या क्षणी त्यावर माझा काडीचा विश्वास राहिला नाही.

आणि आईचा आवाज आला. बोईसरच्या बाजारातला.

"क्या मंगताय? आँ? फुकट कुछ नय मिलेंगा! लेनेका है तो बोलो, नय तो आगे बढो! टाइम खोटी मत करो!"

तिनं सूप खांबावर दाणकन आपटलं. बिबट्यानं कान मागं घेतले. तिच्याकडं बघितलं, सुपाकडं बघितलं, आणि भाव न पटलेल्या गिऱ्हाइकासारखा उठून, घाई न करता, जाळीत शिरला. पानं हलायची थांबली.

आम्ही धावत वर गेलो. आई खाली बसली होती आणि पुन्हा पाखडायला लागली होती. सूप मात्र रिकामं होतं; सगळी करदी ओट्याभर उडालेली. तिच्या ते लक्षात आलं नव्हतं. मी तिच्या पायाशी बसले. तिनं शेजारणीकडं बघून म्हटलं, "तुझं मांजर लय मोठं झालंय गो. खायला काय घालतेस?"

शेजारीण उडालेली करदी गोळा करायला बसली.

हे परत आले तेव्हा घरात चूल पेटलेली होती. आईनं त्यांना पाणी दिलं. मग म्हणाली, "जावयबापू, आता खोकू नका. मला पयल्या दिवशीच कळलंय. मासवणला उतरायच्या आधीच बसमधी कंडक्टर बोलला, मावशी, बिबट्याच्या गावाला राहायला चाललात, धीराच्या हाय तुमी."

"मग तू बोलली का नाहीस?" मी विचारलं.

"काय बोलू? तुमी एवढी मेहनत करत होता." मग तिचा आवाज उतरला. "तुला न्यायलाच थांबले होते खरं म्हंजे. बोचकं बांधायचं न् उद्याच्या बसला बसवायचं. पण सकाळी ती बाई वाट झाडाय लागली. दुसऱ्या दिवशी पण. तो तिचा नवरा स्वतःला चोर म्हणवून घ्यायला तयार. मी बोलले, बघू या तरी कुठपर्यंत जातात." तिनं चुलीत लाकूड सारलं. "आमच्या वाडीत तुझ्यासाठी इतकं खोटं कोण बोललं असतं?"

ह्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्या नाही आलं, मला राग आला होता, की तिनं आम्हा सगळ्यांना चार दिवस नाचवलं. तो राग तिला सांगितला तेव्हा ती म्हणाली, "मग? मला काय तुमीच फसवायचं?" आणि दोघी हसत सुटलो, हसता हसता कधीतरी मी रडलेही असेन.

न्यायचं काढलं नाही तिनं पुन्हा. निघताना पाड्यावर सगळी उरलेली मासळी वाटली. चप्पल दाखवलेल्या त्या वानरासाठीही एक बोंबील कौलांवर ठेवून गेली, देव म्हणून की जनावर म्हणून ते तिनं सांगितलं नाही.

पण गोष्ट तिथं संपायला आई काही गप्प बसणारी नव्हती. तारापूरला तिनं ती अशी काही सांगितली, की बिबट्या तिच्या पायाशी येऊन बसला होता, तिनं त्याला हिंदीतून समजावलं आणि त्यानं मान डोलावली. अख्ख्या वाडीनं तोंडात बोटं घातली. एकीनं सोडून. मासळीबाजारात आईच्या शेजारी बसणारी एक काकू होती, दोघींचं जागेवरून जन्माचं भांडण. ती म्हणाली, "बिबट्या नाय न् काय. बोका असंल. हिला जवळचं कमी दिसतंय."

आईला ते झोंबलं. पुढच्या थंडीत ती त्या काकूसकट बायांचा एक ताफाच घेऊन आमच्याकडं उतरली. दोन खोल्यांत बाया मावेनात. दिवसभर ओट्यावर ओळीनं बसून त्या जाळीकडं टक लावून बघायच्या, पान खायच्या, माझ्या चुलीला विश्रांती नाही. आई मुद्दाम अंगणात करदी पाखडायची. पाड्यावरच्यांनी आता उलटा खटाटोप मांडला. ताजे ठसे दाखवायला शेजारीण बायांना ओढ्यावर नेऊन आणायची. काकू म्हणायची, "कुत्र्याचे हायत." तो मात्र आला नाही. इतका कालवा ऐकून तो डोंगरापलीकडं गेला असेल तर त्याला दोष कोण देणार?

जायच्या दिवशी सकाळी काकूनं मला हळूच विचारलं, "विहिरीवर जातेस का गो? पाय धुवायचे होते." आम्ही दोघीच गेलो. तिनं पाय धुतले, मी कळशी भरली. वर वळलो तर विहिरीमागच्या सपाट खडकावर तो पडलेला. कोवळ्या उन्हात, पोट वर करून, पुढचे पंजे दुमडून. झोपेतच त्याचा एक कान हलला.

काकूनं माझं मनगट इतकं घट्ट धरलं की बांगडी पिचली. आम्ही मागं मागं सरकत वळणाआड आलो. चेहऱ्यावर घाम. मी म्हटलं, "काकू, बघितलंत ना?"

तिनं पदरानं तोंड पुसलं. "काय?"

"तो. खडकावर."

"वासरू होतं," काकू म्हणाली.

"वासरू?"

"पिवळं वासरू. न् हे बघ पोरी, तुझ्या आयला काय सांगायला जाशील तर मी या जन्मात तुझं तोंड बघणार नाय. तिच्या शेजारी मला रोज बसायचंय."

बाया बसमध्ये बसल्या, आई सगळ्यांत शेवटी, तोंड एवढंसं झालेलं. आता वर्षभर तिला बाजारात बोका ऐकून घ्यावा लागणार होता. मला राहवेना, पण काकू खिडकीतून माझ्याकडं रोखून बघत होती.

होळीला माहेरी गेले तेव्हा पहिल्याच दिवशी आईला एका बाजूला घेऊन सांगून टाकलं. मला वाटलं, ती पदर खोचून थेट बाजार गाठेल. ती बोंबील उलटे करत राहिली.

"माहीत हाय," ती म्हणाली.

"कुणी सांगितलं?"

"सांगायला कशाला पायजे? बसमधनं उतरल्यापासनं ती माझ्याशी एकदापण भांडली नाय. माझी पाटी पण तिनंच उचलून दिली." आईनं एक बोंबील उचलून उन्हाकडं धरून बघितला, वाळला होता. "तिला बोलू नकोस हां, की मला ठाऊक हाय ते. जागा मोठी मिळतेय बसाय."